कोरा कान

सर खोली पाहायला आले तेव्हा मला वाटलं, या माणसाच्या पोटात कळ आली.

आमच्या घरामागची खोली भाड्यानं द्यायची होती. अमरावतीत भाडेकरूंची वाण नाही. येणारा प्रत्येक जण विचारायचा, नळ कधी येतो, मीटर वेगळं आहे काय, गाडी कुठं लावायची. या माणसानं काही विचारलं नाही. सत्तरीला आलेले, काटकुळे, अंगात पांढरा सदरा, भर उन्हाळ्यात हातात छत्री. चपला बाहेर काढून आत गेले, कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून उभे राहिले आणि लागले ‘आऽऽऽ’ करायला. मग दुसऱ्या कोपऱ्यात तेच. मग खोलीच्या मधोमध.

मी म्हटलं, “ओवा देऊ काय जी? गरम पाण्यासंगं घ्या, लगेच उतरते.”

ते वळले. चेहरा एकदम खुललेला. म्हणाले, “बाई, ही खोली ऐकते.”

“खोली ऐकत असंल,” मी म्हटलं, “घरमालकीण ऐकत नाही. आधीच सांगून ठेवते.”

त्यावर हसले नाहीत. सरांना विनोद तासाभरानं कळायचा. संध्याकाळी फोन आला, तेव्हा फोनवर हसले आणि म्हणाले, खोली घेतली.

दुसऱ्या दिवशी टेम्पोतून सामान आलं. एक लोखंडी पलंग, एक स्टोव्ह, आणि बाकी सगळी पुस्तकं. टेम्पोत पुढं सर बसलेले, मांडीवर गोधडीत गुंडाळलेला तंबोरा. आजारी माणूस दवाखान्यातून घरी आणावा तसा त्यांनी तो उतरवला. टेम्पोवाल्यानं हात पुढं केला, तर त्याच्या हातावर छत्री मारली.

ते अकोल्याच्या एका कॉलेजात मानसशास्त्र शिकवायचे. रिटायर होऊन बरीच वर्षं झाली होती. सगळे सर म्हणायचे म्हणून आम्हीही सर म्हणायला लागलो. अकोला काहून सोडलं, असं मी विचारलं, तर म्हणाले, “शेजाऱ्याची पाण्याची मोटर.”

“लय आवाज करे काय?”

“आवाजाचं काही नाही. ती माझ्या ‘सा’पेक्षा केसभर खाली होती. केसभर! चांगली हातभर खाली असती तर मी सहन केली असती.”

एका मोटरसाठी माणूस गाव सोडतो हे मी सुनेला सांगितलं. ती म्हणाली, “आई, ॲडव्हान्स घेऊन ठेवला आहे ना?”

पुस्तकं त्यांनी दोन भिंतींना लावली. डाव्या भिंतीला मनाची, उजव्या भिंतीला गाण्याची. गाण्याची म्हणजे गाणी असलेली नाहीत. सूर म्हणजे काय, दोन सुरांमध्ये किती जागा असते, तिथं आणखी किती सूर बसतात, असली. पलंग दोन्हींच्या मधोमध. मी म्हटलं, भिंतीशी लावा ना, मधे येता-जाता अडखळते. तर म्हणाले, “मी मधेच झोपणार. इकडचं तिकडं जाईल थोडं, या आशेवर.”

उधई-वाळवी लागू नये म्हणून पुस्तकांखाली विटा ठेवल्या होत्या. दर रविवारी सगळी पुस्तकं खाली काढून झटकायचे. माझी सून एकदा म्हणाली, सर, एवढी वाचली काय तुम्ही? तर म्हणाले, “वाचली. समजली त्यातली पाच. त्या पाचांची नावं सांगणार नाही, बाकीच्यांना वाईट वाटेल.”

लग्न केलं नव्हतं. तेही मी विचारलंच. मी विचारते. माणूस आपल्या घरात राहतो तर माहीत असलेलं बरं.

“एक मुलगी पाहायला गेलो होतो,” सर म्हणाले. “मूर्तिजापूरला. तिनं गाणं म्हटलं.”

“बेसूर म्हटलं असंल.”

“नाही, फार सुरात. मी डोळे मिटून ऐकलं. परत निघालो तेव्हा लक्षात आलं, मुलगी पाहायची राहिली. घरी आईनं विचारलं, कशी आहे? मी म्हटलं, पंचम चांगला आहे. आईनं तेव्हापासून मुली पाहणं बंद केलं.”

हे सांगतानाही तोंड सरळ. त्या मुलीचं पुढं काय झालं, असं मी विचारलं. त्यांना माहीत नव्हतं. तिचा पंचम मात्र माहीत होता. तो म्हणून दाखवला.

सरांना ऐकू फार यायचं. मी माझ्या स्वयंपाकघरात खलबत्ता घेतला की मागच्या खोलीतून आवाज यायचा, “आज शेंगदाणे!” आणि खरंच शेंगदाणे असायचे. जवस असले तर जवस म्हणायचे. मिरची असली की खोकायला लागायचे, ते मात्र नाकानं. माझा खलबत्ता त्यांच्या कोणत्या तरी सुराच्या आड यायचा. एकदा येऊन म्हणाले, नऊनंतर कुटाल काय. मी म्हटलं, “भाडेकरू तुमी खोलीचे आहा, खलबत्त्याचे नाही.” ते गेले. दुसऱ्या दिवशी त्यांनी आपला सा बदलला. खलबत्त्याला जुळेल असा तंबोरा लावून घेतला. मला वाटलं होतं, भांडतील. दोन दिवस मीच नऊनंतर कुटलं.

बोलायचे पुस्तकी. ‘मला असं वाटतं की’ असं सुरू करायचे. पण राग आला की अस्सल अकोल्याचे व्हायचे. एका ऑटोवाल्याशी हॉर्नवरून भांडण झालं तेव्हा त्याला म्हणाले, “अबे, बह्याड आहेस काय तू? हे हॉर्न नाही, हे पाप आहे!” ऑटोवाला घाबरून म्हणाला, “काका, कंपनीनंच असा देला.” सर म्हणाले, “तं मंग कंपनी बह्याड.” तो ऑटोवाला पुढं त्यांचा दोस्त झाला. रोज सकाळी दारावरून जाताना हॉर्न न वाजवता हात करायचा.

आता पुस्तकाचं सांगते.

सर अकरा वर्षांपासून एक पुस्तक लिहीत होते. त्यांचं म्हणणं असं, की माणसाच्या मनात खोल्या असतात. काहींत आपण रोज जातो, काहींना कुलूप असतं. आणि एकेक सूर एकेका खोलीचं दार उघडतो. डाव्या भिंतीवरच्या लोकांनी खोल्या पाहिल्या, उजव्या भिंतीवरच्यांनी सूर पाहिले, दार कोणी पाहिलं नाही. ते यांना पाहायचं होतं.

अकोल्यात त्यांच्याच कॉलेजात एक प्राध्यापक होते. त्यांनी सगळ्यांसमोर म्हटलं होतं, कल्पना छान आहे, पुरावा काय? सरांना हा ‘पुरावा काय’ फार लागलेला होता. जेवतानासुद्धा मधेच म्हणायचे, “पुरावा काय म्हणे.”

पुराव्यासाठी त्यांना कोरा कान पाहिजे होता. म्हणजे असा माणूस, की जो गाणं शिकला नाही, फार ऐकलं नाही, कोणत्या सुराला काय वाटावं हे ज्याला कोणी सांगितलं नाही. विद्यार्थ्यांवर करून पाहिलं, तर पोरांनी पुस्तकं पाहून उत्तरं दिली. माझ्या सुनेवर केलं असतं, पण ती टीव्हीवरच्या गाण्याच्या स्पर्धा पाहायची. उरले मी. चौथीपर्यंत शाळा. घरातला रेडिओ बिघडला तो पुन्हा आणला नाही. भजनाला गेले तर प्रसादापुरती.

“मले कोरी म्हणून राहिले काय?” मी म्हटलं.

“तुम्ही नाही बाई, तुमचा कान. कोरा कान फार दुर्मीळ असतो.”

मला आयुष्यात पुष्कळ काही म्हटलं गेलं आहे, पण दुर्मीळ कोणी म्हटलं नव्हतं. मी हो म्हटलं.

रोज सकाळी आठला, चहा झाला की मी मागच्या खोलीत जायची. माझ्यासाठी एक खुर्ची. सर पलंगावर, तंबोरा घेऊन, माझ्याकडे पाठ करून. पाठ काहून, तर माझ्या उत्तरावर त्यांचा चेहरा बदलला आणि तो मी पाहिला, तर पुढचं उत्तर मी त्या चेहऱ्याला देईन, सुराला नाही. हे शास्त्र आहे म्हणाले. मग एकच सूर लावायचे, लांब, दम संपेपर्यंत. दोनदा, तीनदा. मग म्हणायचे, “सांगा.” आणि मनात जे आलं ते मी सांगायचं, न वळता ते वहीत लिहायचे.

पहिला पूर्ण आठवडा मी म्हटलं, “काही नाही.” कारण काही नव्हतंच. माझ्या मनात भाजी होती. गॅस संपत आला होता, तो होता. सर म्हणायचे, “पुन्हा.” पुन्हा तोच सूर. “काही नाही.” “पुन्हा.” तिकडे भाकरी राहिलेली, सुनेला साडेनऊला ऑफिस. आठव्या दिवशी मी कंटाळून म्हटलं, “देऊळ दिसलं. पायरीवर ऊन पडेल आहे.” त्यांच्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर तेच चित्र होतं. सरांची माझ्याकडे पाठ होती, त्यामुळं मी कुठं पाहते ते त्यांना दिसलं नाही.

सरांची मान अशी खाली गेली, तहानलेल्या माणसानं पाण्यावर वाकावं तशी. भराभरा लिहिलं. “झालं बाई, या तुम्ही,” म्हणाले. पाच मिनिटांत मी मोकळी.

मग मला सापडलं. तोंड दिसत नव्हतं, पण मान दिसत होती. उत्तर पसंत पडलं की मान खाली जायची. नाही पडलं की डाव्या कानामागं खाजवायचे. महिनाभरात मी त्या मानेवरून सगळं ओळखू लागले. या सुराला उजेडाचं काही सांगितलं की खूश. त्या सुराला कोणीतरी वाट पाहून राहिलं म्हटलं की खूश. उत्तरं मला कुठूनही मिळायची, कॅलेंडरवरून, सुनेच्या मालिकेतून, भाजीवालीच्या बोलण्यातून. वाईट वाटायचं काय? नाही. म्हाताऱ्या माणसाची सकाळ चांगली जाते, माझी भाकरी वेळेवर होते. यात कोणाचं काय गेलं, असं मला वाटायचं. दोन वर्षं हे चाललं.

फक्त एका सुराला मी शेवटपर्यंत ‘काही नाही’च म्हटलं. खालचा कोमल निषाद म्हणायचे त्याला. म्हणजे तंबोऱ्याच्या ‘सा’पेक्षा थोडा खाली, जाड आवाजातला. सर म्हातारे होते, पण तो त्यांना बरा लागायचा. तो लागला की मी म्हणायची, “काही नाही.” कानामागं खाजवलं तरी, “काही नाही.” शेवटी त्यांनी त्या सुराला खाजवणंही सोडून दिलं.

मग पुस्तक पूर्ण झालं. अकोल्याला एक छापखानेवाला त्यांच्या ओळखीचा होता, त्याच्याकडे सगळी कागदं घेऊन जायचं ठरलं. मलाही अकोल्याला जायचं होतं, धाकट्या भावाचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं. सर म्हणाले, बरोबर जाऊ. आदल्या दिवशी दुपारी म्हणाले, “बाई, तुमचा भाग तुम्ही ऐकायला पाहिजे.” आणि वाचून दाखवला.

सगळा भाग माझ्यावर. नाव नव्हतं, नुसतं ‘एक बाई’. पण मीच. माझी कॅलेंडरं, माझ्या मालिका, सगळी छान शुद्ध भाषेत. या सुराला देऊळ का दिसलं, त्या सुराला वाट पाहणं का आलं, त्याची कारणं. डाव्या भिंतीवरच्या मोठमोठ्या लोकांचे दाखले. आणि त्या खालच्या कोमल निषादावर दोन पानं. हा सूर मनाला रिकामं करतो, दोन वर्षं सतत एकच उत्तर आलं, मनाची एक खोली अशी आहे की जिच्यात काहीच नाही आणि हा तिचाच सूर. हे वाचताना त्यांचा आवाज हलला. ते त्यांना सगळ्यात आवडलेलं होतं. शेवटी एक वाक्य होतं, ‘बाईंच्या उत्तरांत बनवाबनवीचा लवलेशही नाही.’

कागद खाली ठेवून म्हणाले, “आता विचारू दे त्यांना पुरावा काय.”

मी घरात आले. मी चार वर्षं शाळेत गेले. तिथं एकच गोष्ट पक्की शिकले, की पुस्तकात आहे ते खरं. पुढं जगात पाहिलं तर तसं काही नव्हतं. पण माझ्यामुळं एक पुस्तक खोटं होणार, हे मला पटेना. आणि त्या प्राध्यापकानं उद्या अशीच एखादी बाई बोलावून खुर्चीत बसवली आणि विचारलं, तर? हसतील. सरांवर हसतील. त्यांच्यावर मी हसत होते ते वेगळं, मी घरची होते.

सकाळी बस मिळाली. बायांना अर्धं तिकीट झाल्यापासून बसमध्ये जागा मिळणं कठीण, पण मिळाली. सर खिडकीशी, मांडीवर कागदांची पिशवी. मी शेजारी. बडनेरा गेलं. मी तोंड उघडायची आणि बंद करायची. सर खूश होते, बसच्या इंजिनाचा सूर मला समजावून सांगत होते. बस मूर्तिजापूरच्या स्टँडवर थांबली तेव्हा मी म्हटलं, “सर, ते देऊळ कॅलेंडरचं होतं.”

“कोणतं देऊळ?”

“पायरीवरच्या उनाचं. आणि बाकीचंही बहुतेक असंच हाय. मी मनानं सांगत होते. तुमची मान पाहून.”

त्यांना विनोद तासाभरानं कळायचा, हे लगेच कळलं.  उठले, पिशवी घेतली आणि खाली उतरले.

कंडक्टर ओरडला, “ओ बाबा! अकोल्याचं तिकीट हाय ना तुमचं?” मग मी उठले. “आन् आजी, तुमी कुठी चालल्या?”

“त्याहीच्या मांगं,” मी म्हटलं.

बस गेली. सर फलाटावरच्या सिमेंटच्या बाकावर बसले. ऊन चढलेलं होतं, वरचा पत्रा तडतड वाजत होता. मी बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसले. मधे पिशवी.

मग ते बोलले ते अकोल्याचे होऊन. “दोन वर्सं! दोन वर्सं मी तुमच्याकडं पाठ करून बसलो आन् तुमी माह्या मानेले वाचून राहिल्या?”

“हो.”

“काहून पण?”

“भाकरी राहत होती.”

“भाकरी!” आजूबाजूचे लोक पाहायला लागले. “माह्या तेरा वर्साच्या कामाची भाकरी केली तुमी!”

“तं मंग नसतं सांगितलं तं बरं झालं असतं काय?” मलाही राग आला. “छापून झाल्यावर सांगितलं असतं तं? मी खोटं बोलले. तुमी काय केलं? दोन वर्सं मी कोऱ्या पाटीसारखी बसली, एक दिवस तरी वळून पाह्यलं काय, की ही बाई खरं बोलते का खोटं?”

“ते शास्त्रात बसत नाही,” सर म्हणाले. पण आवाज उतरला होता.

मी स्टँडवरच्या माठातून दोन पेले पाणी आणलं. त्यांनी एक घेतला. मग पिशवीतून वही काढली, आणि एक लाल पेन्सिल. माझ्याकडे तोंड करून, बाकावर एक पाय दुमडून बसले. म्हणाले, “चला. एकेक. खरं का खोटं.”

“आता?”

“मग कधी? शुद्ध गंधार. ‘पायरीवर ऊन.’”

“सांगितलं ना. कॅलेंडर.”

काट. “कोमल रिषभ. ‘कोणी वाट पाहून राहिलं.’”

“सुनेची मालिका. त्यातली बाई दोन वर्सं वाटच पाहून राहिली.”

काट. “तीव्र मध्यम. ‘काच.’”

“ते खरं. दात शिवशिवले होते.”

सरांनी त्याच्याखाली रेघ ओढली. “पंचम. ‘पोट भरल्यासारखं.’”

“खरं. पण त्या दिवशी मी खरंच खाऊन आली होती. रात्रीची खिचडी उरली होती.”

यावर त्यांनी पेन्सिल थांबवली, विचार केला आणि पुढं प्रश्नचिन्ह काढलं. असं दुपारपर्यंत चाललं. दोन बसा अकोल्याच्या गेल्या. शेजारी बसलेली एक बाई संत्री सोलत ऐकत होती. तिला वाटलं आम्ही नवरा-बायको आहोत आणि घटस्फोटाचे कागद करून राहिलो. मला म्हणाली, “या वयात काहून वो बाई, जाऊ द्या ना.” मी तिला गप्प बसवलं.

वही लाल झाली. शेवटी सर म्हणाले, “एक तरी उरला. खालचा कोमल निषाद. ‘काही नाही. काही नाही. काही नाही.’ दोन वर्षं. हे तरी खरं.”

मी पदरानं तोंड पुसलं.

“बाई?”

“ते सगळ्यात मोठं खोटं हाय,” मी म्हटलं.

हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. नवऱ्यालाही नाही. सांगण्यासारखं काही आहे असंही नाही. माझी माय अकोल्याला जिनिंग फॅक्टरीत कामाला होती, कापसातून सरकी वेगळी करतात तिथं. चौथीची परीक्षा झाली, पाचवीची पुस्तकं आली नाहीत, मांडीवर भाऊ आला. चार महिन्यांचा. फॅक्टरीच्या भिंतीला पाठ लावून मी त्याला घेऊन बसायची, मायनं मधल्या सुट्टीत येऊन पाजायचं. आत मशिनी चालायच्या, त्यांचा आवाज भिंतीतून माझ्या पाठीत यायचा आणि पाठीतून त्याला जायचा. त्या आवाजात तो झोपायचा. एक दिवस आत पट्टा तुटला आणि सगळं एकदम बंद झालं. भाऊ जागा झाला, लागला किंचाळायला. माय येईना, तिला येऊ देईनात. मी त्याच्या पाठीला तोंड लावलं आणि तो आवाज काढला, ऊंऽऽऽ. तो निजला. पट्टा जोडेपर्यंत मी तेच करत राहिले, गळा पार बसला. मग मशिनी सुरू झाल्या आणि त्यांचा आवाज आणि माझा आवाज एकच होता. माझा कुठं संपला ते मला कळलं नाही.

“सर तो सूर लावत तं मले ते सगळं दिसे,” मी म्हटलं. “पाठीले गरम लागे. मंग काय सांगू? सांगितलं तं लोक कीव करतात. मले कीव चालत नाही.”

मी ‘सर’ असं म्हटलं, जसं ते तिथं नव्हतेच.

सरांनी पेन्सिल खाली ठेवली. लिहिलं नाही. मूर्तिजापूरच्या स्टँडवर, एक बस मागं सरकत होती, कंडक्टर शिटी मारत होता, त्यात त्यांनी हळूच तो सूर लावला. तंबोरा नाही, काही नाही. माझ्याकडे पाहत.

मी म्हटलं, “नाही. थोडा खाली.”

ते थांबले. पुन्हा लावला.

“आणखी थोडा.”

पुन्हा.

“हां. हा.”

सरांनी वही मिटली. संत्रीवाली बाईही सोलायची थांबली. मग ते अगदी पुस्तकी आवाजात म्हणाले, “बाई, तुमचा कान कोरा नाही.”

“नाही ना,” मी म्हटलं. “मी कधी म्हटलं होतं?”

त्यानंतरची अकोल्याची बस मी घेतली. सर अमरावतीच्या परतीच्या बससाठी पलीकडच्या फलाटावर गेले. कागद छापखान्यात गेले नाहीत. माझ्या बसच्या खिडकीतून मी पाहिलं, सर पलीकडच्या बाकावर, पिशवी मांडीवर, मान खाली. पसंत पडलं की जायची तशी.

पुढं एक वर्ष त्यांनी पुन्हा लिहिलं. आठचा सूर बंद झाला. मी सकाळी चहा घेऊन गेले तर आता तोंड माझ्याकडे असायचं. पुस्तक आलं ते बारीकसं. माझा मोठा भाग गेला होता. देऊळ गेलं, वाट पाहणं गेलं, ती दोन पानंही गेली. त्या जागी एक पान होतं. त्यावर मी जे बाकावर सांगितलं ते, मी सांगितलं तसं, आमच्याच बोलीत. खाली त्यांची एकच ओळ, ‘यावर मला काही म्हणायचे नाही.’

ते प्राध्यापक म्हणाले म्हणे, पुस्तक चांगलं आहे, पण पुरावा नाही. सर म्हणाले, “हो, नाही.” आणि जेवताना ते पुन्हा कधी निघालं नाही.

भावाला मी ते पान वाचायला दिलं. चष्मा लावून दोनदा वाचलं. म्हणाला, “मले तं कायी आठवत नाही.”

“तू चार महिन्यांचा होता, बह्याडा,” मी म्हटलं.

सर मागच्या हिवाळ्यात गेले, अकोल्याला, पुतण्याच्या घरी. ताप आला म्हणून तो घेऊन गेला होता. मी भेटायला गेले तेव्हा शेजारी कोणाची तरी मोटर चालू होती. मी विचारलं, लागते काय? म्हणाले, “नाही बाई. हिच्याशी जुळवून घेतलं.” पुतण्यानं पुस्तकं नेली, तंबोरा नेला. दोन्ही भिंतींना पुस्तकांच्या जागा पांढऱ्या राहिल्या, बाकी भिंत पिवळी.

परवा नर्सिंग शिकणाऱ्या दोन मुली खोली पाहायला आल्या. नळ कधी येतो, मीटर वेगळं आहे काय, सगळं विचारलं. एक मोरी पाहायला मागं गेली, दुसरी दारात फोनवर. मी कोपऱ्यात गेले, भिंतीशी तोंड नेलं आणि केलं, ऊंऽऽऽ. थोडं खाली. हां. खोली ऐकते.

मुलीनं फोन बाजूला केला. “आजी, काय झालं? दुखतंय काय?”

‘काही नाही’ असं तोंडात आलं होतं.

“बस इथं,” मी म्हटलं. “सांगते.”